वाढीव गल्ली

‘टोएम’ हा स्वीडनमधल्या ‘समथिंग वी मेड’ या छोट्या स्टुडिओचा गेम १७ सप्टेंबर २०२१ रोजी बाजारात आला. त्यात कुणी कुणाला मारत नाही, घड्याळ मागे लागत नाही आणि हरण्याची सोयच नाही. आजीनं दिलेला कॅमेरा घेऊन एक लहानगं पात्र घराबाहेर पडतं आणि दूरच्या डोंगरमाथ्यावर दिसणारी एक अद्भुत गोष्ट पाहायला निघतं. वाटेत जंगल लागतं, बंदर लागतं, शहर लागतं, बर्फाळ डोंगर लागतो. प्रत्येक मुक्कामी माणसांची बारीकसारीक कामं असतात. कुणाला हरवलेली वस्तू शोधून हवी असते, कुणाला विशिष्ट गोष्टीचा फोटो हवा असतो. काम झालं की कार्डावर शिक्का पडतो, आणि पुरेसे शिक्के जमले की पुढच्या गावाची बस फुकट. सगळं चित्र काळ्या-पांढऱ्याचं, मधल्या करड्या छटांसकट. २०२२ साली या गेमला पदार्पणाच्या गेमसाठीचा बाफ्टा पुरस्कार मिळाला. त्याच वर्षी स्टुडिओनं ‘बास्टो’ नावाचा मोठा अपडेट दिला. त्यात समुद्रकाठचा एक अख्खा नवा प्रदेश होता, नवी माणसं होती, नवी कामं होती. ज्यांनी गेम आधीच विकत घेतला होता त्यांना तो विनामूल्य मिळाला.

या लेखाचा विषय बास्टोसारखी ही भर आहे. लढाईच्या गेममध्ये अपडेट म्हणजे काय हे कुणालाही कळतं. नवं हत्यार येतं, नवा शत्रू येतो, नवा नकाशा उघडतो. रोजच्या जगण्यावरच्या गेममध्ये मात्र प्रश्न अवघड होतो. पात्र डोंगरावर जाऊन आलेलं आहे, आजीकडे परतलेलं आहे, गोष्ट पुरी झालेली आहे. आता वाढवायचं काय? आणि वाढवताना जपायचं काय? माझ्या मते असा गेम दहा वर्षं टिकणार की दोन महिन्यांत विसरला जाणार, हे दुसऱ्या प्रश्नाच्या उत्तरावर ठरतं. नवी मुंबईत राहणाऱ्याला हा प्रश्न समजायला फार लांब जावं लागत नाही, कारण तो इथं विटा-मातीत मांडलेला आहे.

सीबीडी बेलापूरच्या सेक्टर ८ मध्ये, टेकडीच्या पायथ्याशी आर्टिस्ट व्हिलेज आहे. चार्ल्स कोरिया यांनी सिडकोसाठी १९८३ ते १९८६ या काळात ही वसाहत आखली आणि उभी केली. सात घरं आणि त्यांच्या मधोमध आठ मीटर बाय आठ मीटरचं अंगण, हा तिचा मूळ घटक. असे तीन घटक मिळून एक मोठा चौक होतो. घरं लहान, उतरत्या छपरांची, साध्या सामानाची. पण प्रत्येक घराला स्वतःची जमीन, आणि शेजाऱ्याबरोबर एकही सामाईक भिंत नाही. कुटुंब वाढलं, हातात चार पैसे आले, की शेजाऱ्याची परवानगी न काढता खोली वाढवता यावी, मजला चढवता यावा, ही त्यामागची कल्पना. घर पहिल्या दिवशी पुरं झालेलं नसणार आणि ते राहणाऱ्यांच्या हातून वाढत जाणार, हे नकाशातच गृहीत धरलेलं होतं. आज तिथं फिरलं तर मूळ घरं मोजकीच दिसतात. बहुतेकांच्या जागी काँक्रीटचे बंगले उभे आहेत. अंगणांची मांडणी मात्र अजून ओळखू येते. मुलं अजून तिथंच खेळतात, गाड्याही तिथंच लागतात. घर वाढेल आणि अंगण राहील, हा कोरियांनी आधीच केलेला निवाडा होता. घरांच्या बाबतीत वाढ त्यांच्या कल्पनेपेक्षा फार पुढे गेली, आणि मला त्याचं वाईट वाटतं. पण अंगणाच्या बाबतीत त्यांचा अंदाज बराचसा खरा ठरला.

गेमलाही असं अंगण असतं. ‘टोएम’चं अंगण म्हणजे रंगाचा अभाव, हरण्याचा अभाव आणि हातातला कॅमेरा. बास्टोनं यातल्या कशालाही धक्का लावला नाही. समुद्रकिनारा आला तरी निळा रंग आला नाही. मला ही गोष्ट फार मोलाची वाटते, कारण मोह झालाच असणार. किनारा म्हटलं की रंग घालावेसे वाटतात.

रोजच्या जगण्याच्या गेमची परंपरा तशी तीस वर्षांची. १९९६ मध्ये जपानात यासुहिरो वाडा यांनी शेती आणि गावातल्या ओळखीपाळखी एवढ्याच विषयावर ‘हार्वेस्ट मून’ केला. ते स्वतः ग्रामीण भागात वाढलेले आणि टोकियोत आलेले. सोडून आलेल्या गावाचं मोल त्यांना शहरात कळलं होतं. त्या गेमवर वाढलेल्या एरिक बॅरोन या अमेरिकन तरुणानं साडेचार वर्षं एकट्यानं खपून ‘स्टारड्यू व्हॅली’ उभा केला. चित्रं त्याची, संगीत त्याचं, संवाद त्याचे, प्रोग्रॅमिंग त्याचं. २६ फेब्रुवारी २०१६ रोजी तो विक्रीला आला आणि तेव्हापासून त्याचे मोठे अपडेट विनामूल्य येत राहिले. डिसेंबर २०२० च्या १.५ मध्ये एक पूर्ण बेट आलं, समुद्रकाठचं शेत आलं. मार्च २०२४ च्या १.६ मध्ये नवे सण आले, नवं शेत आलं आणि गावकऱ्यांच्या तोंडी भरपूर नवे संवाद आले.

या १.६ मधली एक बारीक गोष्ट मला सगळ्यात आवडते. त्या गेममध्ये वर्षाचे चार ऋतू, प्रत्येक ऋतू अठ्ठावीस दिवसांचा. हिवाळ्यात बर्फ पडायचं, पण गावातली माणसं आपली नेहमीच्याच कपड्यांत फिरायची. आठ वर्षं लाखो खेळाडूंनी ते पाहिलं आणि बहुतेकांना त्यात काही खटकलं नसेल. बॅरोननं १.६ मध्ये त्यांना हिवाळी कपडे दिले. त्यानं खेळण्यात काडीचाही फरक पडत नाही. जास्त पैसे मिळत नाहीत, पीक जास्त येत नाही. फक्त एका सकाळी घराबाहेर पडल्यावर ओळखीचा दुकानदार गरम कपड्यांत दिसतो आणि त्याला थंडी वाजत होती हे आपल्या ध्यानात येतं. रोजच्या जगण्याच्या गेममधला अपडेट कसा असावा, याचा इतका स्वच्छ नमुना दुसरा मला ठाऊक नाही. या सगळ्या भरीत अंगण तसंच राहिलं. सकाळी सहाला दिवस सुरू, रात्री दोनला संपतो, आणि तो दिवस आपल्या घड्याळानं साधारण चौदा मिनिटांचा. २०१६ मध्येही तेवढाच होता.

आणखी एक बंधन असतं, ते खेळणाऱ्याला दिसत नाही. जुनं साठवलेलं शेत नव्या आवृत्तीत उघडलं पाहिजे. कुणीतरी दोन वर्षं लावलेली झाडं, बांधलेला गोठा, जमवलेली मैत्री, सगळं जागच्या जागी मिळालं पाहिजे. नव्या गल्लीतल्या माणसाला खेळाडू गावात नवखा आहे की मुरलेला, हे कळलं पाहिजे. लग्नाला तीन वर्षं झालेल्या पात्राला ‘तुमची ओळख नाही’ असं कुणी म्हणालं तर त्या क्षणी ते गाव खोटं ठरतं. लढाईच्या गेममध्ये असली चूक हसून सोडून देता येते, इथं नाही. म्हणून अशा अपडेटचा बराच वेळ नवं काढण्यापेक्षा जुन्याशी नवं जुळवण्यात जातो.

आता काळ्या-पांढऱ्याविषयी. एके काळी ती नाइलाजाची गोष्ट होती. १९८९ च्या निन्टेन्डो गेम बॉयच्या पडद्यावर हिरवट रंगाच्या चारच छटा होत्या. तो घडवणाऱ्या गुनपेई योकोई यांनी ते जाणूनबुजून स्वीकारलेलं बंधन होतं, कारण रंगीत पडदा बॅटरी खाऊन टाकायचा आणि लहान मुलाच्या हातातलं यंत्र प्रवासात बंद पडायचं. आपल्याकडे बहुतेकांची पहिली ओळख नोकियावरच्या सापाशी. १९९७ साली फिनलंडच्या नोकिया ६११० या फोनवर हा गेम आला. त्याचं पहिलं रूप काळ्या ठिपक्यांचंच. पुढे रंग स्वस्त झाला आणि त्यानंतर ज्यांनी काळं-पांढरं धरलं त्यांनी ते निवडून धरलं. डेन्मार्कचा ‘लिम्बो’ २०१० चा. लुकास पोप यांचा ‘रिटर्न ऑफ द ओब्रा दिन’ २०१८ चा. त्यात एक ठिपका दिसतो किंवा दिसत नाही, मधली छटाच नाही. उजेड-अंधार दाखवायला त्यांनी ठिपक्यांची दाट-विरळ जाळी वापरली. पण पात्रानं मान वळवली की ती जाळी पडद्यावर वळवळू लागायची आणि डोळे दुखायचे. ती जाळी दृश्याला घट्ट चिकटून राहावी म्हणून पोप यांनी खूप काळ झगडा केला. रंग काढून टाकला की काम सोपं होतं असं समजणाऱ्यांनी हे उदाहरण लक्षात ठेवावं.

खरं तर काम सोपं आणि अवघड दोन्ही होतं. सोपं अशासाठी की भर घालताना रंगांचा मेळ बसवावा लागत नाही. पाच वर्षांनी काढलेलं झाड पाच वर्षांपूर्वीच्या झाडाशेजारी उभं राहिलं तरी रेघेची जाडी सांभाळली की ते एकाच हातचं वाटतं. दोन-तीन माणसांच्या स्टुडिओला मोठा अपडेट परवडतो त्यामागे हेही एक कारण आहे. अवघड अशासाठी की डोळा वळवायला लाल नाही, पिवळा नाही. दार उघडणारं आहे की नुसतं रंगवलेलं, हे रेघेनंच सांगावं लागतं.

आपल्या मुलखाला ही कसरत परकी नाही. मुंबईपासून दीडेकशे किलोमीटरवरच्या डहाणू परिसरात गेरूनं सारवलेल्या भिंतीवर तांदळाच्या पिठानं, बांबूच्या काडीनं वारली चित्रं काढली जातात. वर्तुळ, त्रिकोण, चौकोन, आणि एकटा पांढरा. मुळात हे लग्नातलं काम, सवाशिणींच्या हातचं, चौक लिहिण्याचं. जिव्या सोमा म्हसे यांनी १९७० च्या दशकात ते विधीबाहेर काढलं, कागदावर आणि कापडावर आणलं आणि त्यात रोजचं जगणं ओतलं. मासे धरणारं जाळं, नांगर, तारप्याभोवती गोल फिरणारी माणसं. त्यांना २०११ मध्ये पद्मश्री मिळाली. २०१८ मध्ये ते गेले. त्यांनीही भरच घातली होती, आणि पांढरा तसाच ठेवला होता. शहरी बाजूला १९९१ पासून चारुहास पंडित आणि प्रभाकर वाडेकर यांचा ‘चिंटू’ आहे. तीन-चार चौकटी, साधी रेघ, रोज एक छोटी बाब. आई रागावली, बॉल हरवला, पावसाची सुट्टी मिळाली नाही. मराठी घराघरानं हे वर्षानुवर्षं चहाबरोबर वाचलं. कमी रेघांत, मोठी घटना न घडवता रोज थोडं जग वाढवत नेणं आपल्या वाचकाला अंगवळणी पडलेलं आहे. म्हणून असला गेम मराठीत रुजणार नाही, हे म्हणणं मला मान्य नाही.

भारतातले आणि भारतीयांचे प्रयत्न दिसू लागले आहेत. पुण्याच्या ‘नोडिंग हेड्स गेम्स’चा ‘राजी’ २०२० मध्ये आला आणि २०२२ च्या सुधारित आवृत्तीत त्याला हिंदी आवाज मिळाले, पण तो पुराणकथेचा आणि लढाईचा गेम. जगण्याच्या बाजूला टोरांटोच्या ‘विसाई गेम्स’चा ‘वेण्बा’ आहे. कॅनडात आलेलं तमिळ कुटुंब, स्वयंपाकघर आणि हातातून निसटत चाललेली भाषा, एवढ्यावर उभ्या राहिलेल्या या गेमला २०२४ चा पदार्पणाचा बाफ्टा मिळाला. आपल्या अगदी शेजारी, गोव्यात, रिया गुप्ते आणि प्रतीक सक्सेना या दोघांच्या स्टुडिओनं ‘फिशबोल’ केला. नव्या शहरात एकटी राहून घरूनच काम करणारी आलो नावाची मुलगी, नुकतीच गेलेली आजी, आजीच्या सामानाची खोकी, आईचे व्हिडिओ कॉल. तिच्या लहानपणीच्या खेळण्यातल्या माशाचं नाव पापलेट. हे गेम रंगीत आहेत, पण त्यांची नजर रोजच्या जगण्यावरच आहे.

मग नवी मुंबईचा असा गेम कसा असेल? मी त्याची स्वप्नं बरीच पाहिली आहेत, म्हणून थोडं सविस्तर लिहितो.

पहिली आवृत्ती लहान असावी. एक सेक्टर, एक स्टेशन, आणि सेक्टरच्या पोटात राहिलेलं एक गावठाण. आखीव रस्ता संपतो आणि दोन माणसं जेमतेम जातील अशी गल्ली सुरू होते, ती जागा नवी मुंबईत प्रत्येकाच्या पायाखालची आहे. काळ्या-पांढऱ्यात ती सुंदर दिसेल, कारण तिथला फरक रंगाचा नाहीच, रेघेचा आहे. एका बाजूला पट्टीनं ओढलेल्या रेघा, दुसऱ्या बाजूला हातानं ओढलेल्या. त्या गल्लीत ओट्यावर बसलेली आगरी आजी भेटेल आणि बोलता बोलता ‘साडेबारा टक्के’ हे शब्द येतील. शहरासाठी घेतलेल्या जमिनीच्या बदल्यात शेतकऱ्यांना परत मिळायचा तो वाटा. त्यामागे जानेवारी १९८४ चं जासईचं आंदोलन आहे, त्याचे नेते दि. बा. पाटील आहेत, पोलिसांच्या गोळीनं पडलेले पाच शेतकरी आहेत. गेमनं हा इतिहास फलकावर लिहून सांगू नये. आजीनं भाजी निवडताना अर्धवट सांगावा आणि उरलेला खेळाडूनं चार दिवसांनी दुसऱ्या ओट्यावर ऐकावा.

बोलीवर फार लक्ष द्यावं लागेल. चित्रात रंग नसला की माणूस ओळखण्याचा भार त्याच्या बोलण्यावर येतो. वाशीच्या एपीएमसी मार्केटमधला साताऱ्याकडचा माथाडी, दिवाळ्याच्या बंदरावरची कोळीण, मालवणहून आलेलं कुटुंब, बँकेतला नागपूरकर, ही माणसं एकाच प्रमाण मराठीत बोलू लागली तर सगळ्यांचे चेहरे सारखे होतील.

इथं एक खरीखुरी तांत्रिक अडचण आहे आणि ती आधीच सांगितलेली बरी. गेम बनवण्याची पुष्कळशी साधनं देवनागरी नीट जोडत नाहीत. युनिटीच्या टेक्स्टमेशप्रोमध्ये ‘शिरवणे’ लिहिलं की ऱ्हस्व वेलांटी अक्षराच्या आधी यायची ती मागे जाऊन बसते, जोडाक्षरं सुटी पडतात. खुल्या परवान्याच्या गोडोट या साधनाची ४.० ही आवृत्ती मार्च २०२३ मध्ये आली, त्यात अक्षरांची जुळणी मुळातच बसवलेली आहे. त्यामुळे नव्यानं सुरू करणाऱ्यानं आधी तिकडे पाहावं. दुसरं, ठिपक्यांच्या बारीक पडद्यावर रोमन लिपी जिथं मावते तिथं आपली मावत नाही. शिरोरेषेच्या वर मात्रा हवी, खाली उकार हवा. संवादाची चौकट देवनागरीच्या उंचीनं आखली पाहिजे. इंग्रजीसाठी आखून मराठी त्यात कोंबली की वाचणाऱ्याचे हाल होतात.

आणि भर? ती शहरानंच सुचवून ठेवली आहे. एक अपडेट आंब्याच्या हंगामाचा असावा. एपीएमसीत हापूसच्या पेट्यांच्या थप्प्या, पेंढ्यात हात घालून फळ चाचपणारा व्यापारी, पहाटेच्या ट्रकांच्या रांगा. एक अपडेट स्टेशनाचा. ठाणे आणि ऐरोलीच्या मधलं दिघा गाव स्टेशन १२ जानेवारी २०२४ रोजी सुरू झालं, त्याच दिवशी उरणपर्यंत लोकलही. वर्षानुवर्षं गाडी जिथून न थांबता जात होती तिथं एके दिवशी ती थांबली आणि दार उघडलं. गेममध्येही ती जागा पहिल्या आवृत्तीपासून खिडकीतून जाताना दिसत असावी, आणि अपडेटनंतर तिथं उतरता यावं.

सगळ्यात अवघड अपडेट रोहित पक्ष्यांचा. हिवाळ्याच्या सुमारास ठाण्याच्या खाडीत, करावे-नेरूळच्या पाणथळींवर ते येतात आणि उन्हाळा सरेपर्यंत राहतात. सगळं शहर त्यांना गुलाबी रंगानं ओळखतं. भिंतींवर, पुलांखाली त्यांची गुलाबी चित्रं आहेत. काळ्या-पांढऱ्या गेममध्ये तो रंग मिळणार नाही. मग चित्रकाराला खाडीवर जाऊन उभं राहावं लागेल आणि पक्षी खरोखर कसा आहे ते पाहावं लागेल. तो मान खाली सोडतो, डोकं उलटं करतो आणि वाकडी चोच पाण्यात धरून चिखलपाणी गाळतो. पाय एका जागी टपटप हलत असतात. थवा उडतो तेव्हा मान पुढे आणि पाय मागे एका रेघेत ताणलेले, आणि पंखांची काळी कड उघडते. ती काळी कड गुलाबीच्या भरात सहसा नजरेतून सुटते. शाईनं काढलेल्या रोहितात ती आधी दिसेल. नेरूळच्या मुलानं गेममध्ये तो थवा पाहिला आणि दुसऱ्या दिवशी खाडीवर जाऊन ती कड शोधली, तर त्या अपडेटचं काम झालं.

शेवटी एक मागणी, आणि ती गेम करणाऱ्यांकडे आहे. अपडेट आला की जुनी आवृत्ती बहुतेक यंत्रांवरून आपोआप पुसली जाते. आर्टिस्ट व्हिलेजमधलं मूळ घर कसं होतं हे सांगायला कोरियांची रेखाटनं आणि जुने फोटो तरी आहेत. गेमच्या बाबतीत पहिलं रूप बहुतेकदा सहज हाती लागत नाही, आणि दहा वर्षांनी त्यावर लिहू पाहणाऱ्याला ऐकीव माहितीवर भागवावं लागतं. पहिली गल्ली ज्यांनी खेळली त्यांना ती पुन्हा पाहता यावी आणि उशिरा आलेल्यांना भर नेमकी कुठं पडली हे ताडून पाहता यावं, यासाठी प्रत्येक मोठ्या अपडेटआधीची आवृत्ती तारखेसह वेगळी जपून ठेवा आणि मागेल त्याला द्या. सोबत चित्रांच्या कच्च्या वह्याही ठेवा, खोडलेल्या रेघांसकट.